हातभर खोलची माती

बाई पुस्तक परत करायला आल्या की आधी त्याचा वास घेत. काउंटरवर ठेवण्यापूर्वी ते मधोमध उघडायचं, नाक पानांच्या खाचेपर्यंत न्यायचं, डोळे मिटून जरा थांबायचं. मग म्हणायच्या, "हे तळमजल्यावरच्या कपाटातलं. भिंतीला ओल आहे तिथं." बहुतेक वेळा ते बरोबर असे. मी नागपुरातल्या एका वैद्यकीय महाविद्यालयात ग्रंथपाल आहे आणि बाई तिथे सूक्ष्मजीवशास्त्र विभागाच्या प्रमुख होत्या. माझं नाव त्यांना ठाऊक होतं, पण इतक्या वर्षांत त्यांनी ते कधी घेतलं नाही. त्या मला 'लायब्ररी' म्हणत. "काय वं लायब्ररी, जेवली का?"

त्यांचा जन्म नागपूरच्या महाल भागातल्या जुन्या कारकुनी घराण्यातला. घरात सगळे पुस्तकासारखं शुद्ध बोलत. पण बाईंनी वॉर्डात फिरता फिरता पेशंटांची बोली उचलली होती आणि ती त्यांच्या तोंडात घट्ट बसली होती. त्याचं कारणही त्या सांगत. "शुद्ध बोललं की पेशंट आपल्याला बरं वाटंल तेवढंच सांगते. त्याच्यासारखं बोललं की खरं सांगते."

त्या माणसाच्या तोंडाकडे पाहण्याआधी पायांकडे पाहत. नवा शिकाऊ डॉक्टर विभागात रुजू व्हायला आला तरी पहिली नजर त्याच्या बुटांवर. वॉर्डात तर त्या सरळ पेशंटच्या पायाशी उभ्या राहत, पांघरूण वर करून टाचा पाहत आणि विचारत, "कुठची माती आहे ही, भाऊ?" त्यांच्या खोलीतल्या खिडकीत काचेच्या छोट्या बरण्या होत्या, घरी लोणच्याच्या असतात तशा. प्रत्येकीत कुठल्या तरी गावची माती. काळी, राखाडी, कोराडीच्या वीजकेंद्राकडची राख मिसळलेली, तांबूस. साफसफाई करणाऱ्या मावशींनी एकदा त्यातली एक बरणी कचरा समजून रिकामी केली, तेव्हा बाई रागावल्या नाहीत. फक्त दुसऱ्या दिवशी सुट्टी टाकून त्या गावाला जाऊन परत माती घेऊन आल्या.

विभागात त्यांचा एक रिवाज होता. जंतू वाढवतात त्या पसरट, झाकणाच्या बशीला तिथे प्लेट म्हणतात. पेशंटचं रक्त किंवा बेडका त्या प्लेटवरच्या जेलीसारख्या थरावर पसरायचा, ती उबेला ठेवायची आणि काय उगवतं ते पाहायचं. बहुतेक ठिकाणी दोन दिवसांत उत्तर लिहून प्लेट नष्ट करतात. बाईंच्या विभागात मात्र त्यांनी पाहिल्याशिवाय एकही प्लेट फेकायची नाही. विभागातली शिकाऊ मुलं त्याला 'दर्शन' म्हणत. सकाळी प्लेटांचे थर टेबलावर मांडलेले असत आणि बाई एकेक उचलून उजेडाकडे धरत. जुन्या काळच्या त्या. काही प्लेटांचा वासही घेत. हे धोक्याचं आहे, असं करू नये, अशी सूचना भिंतीवर लावलेली होती आणि ती बाईंनीच लावली होती. "मुलांसाठी आहे ते," म्हणायच्या. "माझं नाक आता बदलणार नाही."

एक शब्द मात्र त्यांच्या विभागात वर्ज्य होता: कंटॅमिनंट. पेशंटच्या शरीरातला नसलेला, हवेतून, हातावरून, धुळीतून नमुन्यात चुकून शिरलेला जंतू. कुणी मुलाने एखादी प्लेट पाहून "मॅडम, कंटॅमिनंट आहे," म्हटलं की सगळ्यांना चहा त्याने पाजायचा. "कंटॅमिनंट म्हणजे काय?" त्या विचारत आणि स्वतःच उत्तर देत, "ज्याचं नाव शोधायचा तुम्हाला आळस आला तो."

माझ्याकडे त्या जुनी जर्नलं मागायला येत, आणि आल्या की बोलत बसत. मला जंतूंमधलं काही कळत नाही. पण त्या एखाद्या ओळखीच्या कुटुंबाबद्दल सांगावं तसं सांगत. त्यांचा सगळ्यात लाडका जंतू मातीतला होता. त्याचं नाव बर्कहोल्डेरिया स्यूडोमॅलिआय. भातशेतीच्या चिखलात, हातभर खोल, निवांत पडून राहणारा. धडधाकट माणसाच्या वाटेला तो सहसा जात नाही. पण साखरेचा आजार असलेला माणूस, मूत्रपिंडं थकलेला माणूस, भेगाळल्या पायांनी चिखलात उतरला की हा आत शिरतो. कधी फुप्फुसात गाठी करतो, कधी यकृतात, कधी नुसता ताप. पुष्कळदा क्षयासारखा दिसतो.

"आणि औषधांना दाद देत नाही," बाई कौतुकाने म्हणाल्या. "काहून, माहीत आहे? मातीत त्याचे शेजारी पहा ना वं. बुरशी, दुसरे जंतू, सगळे एकमेकांवर विष सोडून राहिले. आपली कितीतरी औषधं त्या विषांचीच पोरं. भांडखोर शेजाऱ्यांत वाढलेलं पोट्टं आहे हे. आपण इंजेक्शन भरतो तवा ते म्हणते, हे तर मी लहानपणापासून पाहून राहिलो."

"मग उपायच नाही?"

"आहे ना. ठरावीक दोन-तीन औषधं आहेत, भारी, शिरेतून. मग कित्येक महिने गोळ्या. पण आधी कळलं पाहिजे की हा आहे. बाकी मोठमोठ्या औषधांसमोर छाती काढून उभा राहते आणि एखाद्या साध्या औषधात भिजवलेल्या कागदाच्या टिकलीसमोर मान टाकते. तीच त्याची ओळख."

मी विचारलं, "याचा वास कसा असतो?"

बाईंनी हातातलं जर्नल मिटलं. मग म्हणाल्या, "हा एकच आहे ज्याचा मी घेतला नाही. हा श्वासातूनही जाते. पुस्तकात लिहितात, मातीसारखा. पण लिहिणाऱ्यानं घेतलाच असंल ना वं कधी तरी?" आणि हे म्हणताना त्यांच्या चेहऱ्यावर चक्क हेवा होता.

त्यांच्या मते हा जंतू आपल्या भागात होता. पुस्तकांत त्याची गावं दूरदूरची, समुद्रकाठची. "जिथं शोधलं नाही तिथं 'नाही' असं लिहून टाकतात," त्या म्हणायच्या. मी मान डोलवायची. माझं माहेर पारशिवनीकडचं, धानाचं, म्हणजे भातशेतीचं. तरी या बोलण्याचा आणि आमच्या वावराचा काही संबंध असेल हे माझ्या मनातही आलं नाही.

माझा भाऊ त्या वर्षी रोवणीनंतर आजारी पडला. रोवणी म्हणजे धानाची रोपं उपटून चिखल केलेल्या बांधीत, बांध घातलेल्या शेताच्या तुकड्यात, लावायची. त्याला चार-पाच वर्षांपासून शुगर होती. ताप उतरेना, खोकला, छातीच्या फोटोत डाग. तालुक्याला क्षयाच्या गोळ्या सुरू झाल्या. त्यांनी गुण येईना म्हणून नागपूरला आणलं, आमच्याच रुग्णालयात. तेव्हा बाई सुट्टीवर होत्या. त्यांच्या डोळ्यांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं होतं. रक्त तपासायला गेलं. उत्तर आलं: मातीतला जंतू, कंटॅमिनंट, नमुना पुन्हा पाठवा. पुन्हा पाठवण्याआधी तो गेला.

ज्याने ते लिहिलं त्याला मी दोष देत नाही. रक्तात माती कशी असेल, म्हणून त्याने ती माती बाहेरची ठरवली. ही चूक फक्त शिकलेल्या, काळजीपूर्वक काम करणाऱ्या माणसाकडूनच होऊ शकते.

मी कामावर परत गेले त्या आठवड्यात सगळे भेटून गेले. देवाची इच्छा म्हणाले, वय नव्हतं म्हणाले. बाई डोळ्यांवर काळा चष्मा घालून आल्या. खुर्ची ओढून समोर बसल्या. सांत्वनाचं एक अक्षर बोलल्या नाहीत.

"तुह्या भावाची प्लेट माझ्याजवळ आहे," त्या म्हणाल्या.

मुलांनी रिवाज पाळला होता. बाई नसताना आलेल्या सगळ्या प्लेटा त्यांनी टेप लावून रचून ठेवल्या होत्या, दर्शनासाठी. इतक्या दिवसांत त्या प्लेटवरचे ठिपके सुकून सुरकुतले होते, वाळल्या फुलासारखे. बाईंनी त्यातला ठिपका घेऊन औषधांच्या टिकल्यांसमोर ठेवला. मोठमोठ्या औषधांना त्याने जुमानलं नाही. साध्याला शरण गेला.

मी विचारलं, "तुम्ही असता तर वाचला असता?"

"माहीत नाही," त्या म्हणाल्या. "उशीर झालाच होता. पण औषध दुसरं मिळालं असतं. कदाचित वाचला असता." मग खुर्ची जवळ ओढून, "तो कोणत्या बांधीत उतरला होता वं? पाण्याजवळच्या की वरच्या? पायाले काही लागलं होतं? जेवण शेतातच व्हायचं का?"

कुणी मला असं काही विचारलं नव्हतं. सगळे त्याच्या जाण्याबद्दल बोलत होते. बाई त्याच्याबद्दल विचारत होत्या. तो कुठे चालला, कुठे बसला, हात कशात घातले. मी सांगू लागले आणि भाऊ माझ्यासमोर पुन्हा चालायला लागला. तासभर मी बोलत होते. रडलेही असेन. बाईंच्या ते लक्षात आलं की नाही, कोण जाणे.

तेरवीला त्या आमच्या गावी आल्या. न बोलावता, बसने. पंगतीत बसून व्यवस्थित जेवल्या, वडे मागून घेतले, हात धुतले आणि माझ्या बाबांसमोर जाऊन म्हणाल्या, "भाऊ, मले फावडं पाहिजे. तुमच्या वावरातली माती न्यायची आहे."

बाबा नुसते पाहत राहिले. आमच्याकडचे एक काका म्हणाले, "मॅडम, आजचा दिवस तरी..."

"आज चिखल ओला आहे," बाई म्हणाल्या. "नंतर सुकते."

मला वाटलं बाबा आता ओरडतील. त्याआधी वहिनी उठली. तिने भिंतीला टेकलेलं फावडं उचललं आणि पदर खोचून म्हणाली, "चला." आम्ही तिघी वावरात गेलो. वहिनी बांधावर बसून हातभर खोल खणत होती, बाई हातमोजे घालून पिशव्या भरत होत्या, आणि वहिनी मध्येच थांबून विचारत होती, "इथं लागते का वं पुन्हा? तिकडच्या कोपऱ्यात तो जास्त राहायचा." नवऱ्याच्या तेरवीच्या दिवशी ती त्याच्या रोज बसण्याच्या जागा दाखवत होती आणि ऐकणारं कुणीतरी होतं.

त्या पिशव्यांपैकी मोटरीजवळच्या, पाणी साचणाऱ्या कोपऱ्यातल्या मातीत तो जंतू वाढला. बाईंनी ते मला ज्या आवाजात सांगितलं तो आनंद होता. मला त्याचा राग आला नाही, याचं मला आजही नवल वाटतं.

दिवाळीनंतर बाबा नागपूरला आले. माझ्या हुडकेश्वरच्या घरी चहा घेतला आणि म्हणाले, "मले ते पाहायचं आहे. ज्यानं पोराले नेलं ते."

बाईंनी बंद काचेच्या पेटीत प्लेट ठेवून त्यांना बाहेरून दाखवली. बाबांनी चष्मा पुसला, वाकले, खूप वेळ पाहिलं.

"एवढंसंच?"

"एवढंसंच."

"जित्तं आहे?"

"जित्तं आहे."

"खायले काय देता याले?"

"जास्त काही नाही. साखर, मीठ, मांसाचं पाणी."

बाबा पुन्हा पाहत राहिले. "आमच्या वावरात कवापासून असंन हे?"

"तुमच्या आज्याच्याही आधीपासून, भाऊ."

"मंग तवा काहून नाही नेलं कोणाले?"

"नेलं असंल. तवा नुसता ताप म्हणत होते." बाई त्यांच्या पायांकडे पाहत होत्या. "तुम्हाले शुगर आहे ना? टाचा दाखवा."

टाचांना रुपयाची नाणी उभी राहतील अशा भेगा होत्या. बाई म्हणाल्या, "आता तुम्ही बांधीत उतरायचं नाही. औषधानं बरं होईन या भरवशावर तर अजिबात नाही."

बाबा हसल्यासारखे झाले. "बाई, मातीले भिऊन शेती होते का?"

त्यानंतर अख्खा उन्हाळा हाच एक विषय होता. मी फोनवर सांगायची, वहिनी घरी सांगायची. बाबा हो म्हणायचे आणि ऐकायचे नाहीत. आमच्या घरात रोवणीची पहिली मूठ घरच्या कर्त्याने लावायची, तीही अनवाणी. बांधीत पायताण घालून जाणं म्हणजे जोड्यांनिशी देवळात शिरण्यासारखं. मागची काही वर्षं ती मूठ भाऊ लावत होता. यंदा बाबांनाच लावायची होती. एकदा ते फोनवर म्हणाले, "ज्या चिखलात पोरगा गेला त्याच्यात मी जोडे घालून जाऊ? आणि मी वाचून तरी काय करून राहिलो?"

त्या वाक्यानंतर मला रोगाची भीती उरली नाही. त्यांना पाय वाचवावेसेच वाटत नाहीत, याची भीती वाटू लागली. हे मी बाईंना सांगितलं. मला वाटलं त्या काही समजुतीचं बोलतील. त्या म्हणाल्या, "रोवणी कवा आहे? मी येते."

आल्या त्या गुडघ्यापर्यंतचे रबरी बूट घेऊन. बाबांना द्यायच्या आधी स्वतः घालून पाहायचे, हा त्यांचा शास्त्रीय बाणा. बांधावर रोवणीच्या बाया रोपांच्या जुड्या घेऊन उभ्या होत्या. बाई बूट घालून चिखलात उतरल्या, दोन पावलं टाकली, आणि तिसरं निघेना. त्यांनी जोर लावला. पाय वर आला, बूट तिथेच राहिला, आणि बाई बसल्या त्या थेट पाण्यात.

"मॅडम रोवल्या गेल्या वं!" एक जण ओरडली.

"राहू द्या, चार महिन्यांनी कापू!" दुसरी म्हणाली.

बाया पोट धरून हसत होत्या. वहिनीने हात देऊन बाईंना वर ओढलं. बाई चिखलाने माखलेल्या, एका पायात बूट, त्या रुतलेल्या बुटाकडे मोठ्या कुतूहलाने पाहत होत्या. "खरं आहे," त्या म्हणाल्या. "हे इथं चालत नाही. मी उगाच सगळ्यांना बूट घाला म्हणून सांगत होती." मग हसणाऱ्या बायांनाच त्यांनी विचारलं की चिखल पाय कुठून धरतो, टाचेकडून की चवड्याकडून, आणि एका बाईने पाऊल वाकडं करून कसं काढायचं ते दाखवलंसुद्धा.

बाबा हे सगळं बांधावरून पाहत होते. त्यांनी चपला काढल्या. जुडी हातात घेतली. "झालं ना आता?" म्हणाले आणि उतरायला पाय पुढे केला.

मी त्यांना हाक मारली. बाईंनी त्यांना अडवलं नाही. पिशवीतून एक वस्तू काढून त्यांच्यासमोर धरली: खांद्यापर्यंत येणारा पातळ, लांबच लांब हातमोजा.

बाबांनी तो ओळखला. "हे त गाईच्या डॉक्टरचं आहे."

"तिथूनच आणलं."

"हे घालून तो गाईच्या..." बाबा थांबले. बायांना तेवढं पुरेसं होतं. पुन्हा हशा उसळला. "घाला बावाजी," एक म्हणाली, "बांधी गाभण आहे का पाहा!" आणि बाबा हसले. भाऊ गेल्यापासून मी त्यांना तसं हसताना पाहिलं नव्हतं. डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसले, आणि मग ते पाणी थांबेना, आणि ते कशाचं आहे हे त्यांनाही कळेना.

बाई म्हणाल्या, "मूठ हातानं लावतात ना भाऊ? पायानं तर नाही?"

एवढंच. मागच्या हिवाळ्यात बाई गेल्या, झोपेतच, हृदय बंद पडून. शोकसभेत त्यांच्या विद्वत्तेबद्दल बरेच बोलले. मला बोलायला सांगितलं तेव्हा मी हा दिवस सांगायला उभी राहिले आणि मला जमलं नाही. म्हणून लिहिते आहे.

त्या दिवशी बाबांनी हातमोजा चढवला. थोडा वेळ बांधाकडे पाहिलं, चिखलाकडे पाहिलं. मग आमच्यातल्या कुणालाही सुचली नसती अशी गोष्ट केली. धोतर सावरलं आणि त्या अरुंद बांधावर पोटावर पालथे झोपले. छाती बांधाच्या कडेला, हात खाली चिखलात. पाय मागे, आमच्या बाजूला.

हात पोचायला त्यांना आणखी पुढे सरकावं लागलं. अर्धं अंग कडेबाहेर गेलं आणि बांधाची ओली माती छातीखालून ढासळली.

"पकडा वं मले!" बाबा ओरडले. "पडून राहिलो ना मी!"

वहिनीने एक पाय धरला, मी दुसरा. "धरलं बाबा, धरलं," वहिनी म्हणत होती.

"घट्ट धरा," ते म्हणाले. "सोडू नोका."